सुनिल्दाचे पंच्याऐंशी गुण

—नाही, नातं नंतर लिहा, आधी आवाज ऐका. तुम्ही विचारलंत ना, तिला किती वर्षं ओळखता — वर्षं मला सांगता येणार नाहीत, बाई, आवाज सांगता येईल. वल्ह्यांचा आवाज. धुकं होतं, इतकं की स्वतःचे हात दिसत नव्हते, मी ओहोटीला तिसऱ्या, शिंपल्या काढायला उतरलो होतो, गुडघाभर चिखलात — आणि समोरच्या बेटाकडून तो यायला लागला. कर्र, टप्. कर्र, टप्. आणि मधेच एक लांब, कर्रर्र. तो का? तर एका वल्ह्याची खुंटी मोडलेली, तिथं नुसती दोरी गुंडाळलेली, ते वल्हं दर तिसऱ्या झटक्याला घसरायचं. पण तालात. घसरणंसुद्धा तालात. मी मनात म्हटलं, कुणी दांडगा बाप्या दिसतोय, पाण्याची एवढी ओढ कापत येतोय. आणि धुक्यातून निघाली ती. सोळा वर्षांची. होडीत बटाट्याची सहा पोती आणि वर एक मेंढी, पाय बांधलेली. मला म्हणते, "बघत काय उभा राहिलायस, मेंढी धर." नाव नाही, गाव नाही. धरली मेंढी. तेव्हापासून धरतोच आहे. — लिहा, बायको लिहा. सुनिल्दा. हळू बोलतो मी, माहीत आहे, जरा पुढं सरका. ती झोपलीय तिथं चुलीपाशी, खुर्चीत. दुपारचं जेवली की झोपते. म्हणजे — जेवली म्हणजे मी भरवलं. पहिला रकाना जेवणाचाच ना? मग हे लिहा. मी भरवलं.

तुमच्या दवाखान्याचा कागद तोच आहे. मला वाचता फारसं येत नाही, तिसरीतून बापानं होडीवर नेलं, पण हा कागद मी ओळखतो. दहा रकाने. जेवण, आंघोळ, तोंड धुणं-विंचरणं, कपडे, मग ती दोन — ती तुम्ही एकदमच विचारा, सुटी सुटी नका विचारू — मग संडास, मग खुर्चीतून उठून बिछान्यावर, मग चालणं, मग पायऱ्या. प्रत्येकाला दहा नाहीतर पाच नाहीतर शून्य. एकदोघांना पंधरा. सगळं जमतं तो शंभर. काहीच जमत नाही तो शून्य. शाळेत शंभर मिळाले की बाप खांद्यावर घेतो, इथं शंभर मिळाले की तुमचं तुम्ही बघा. पस्तीस नाहीतर त्याच्या खाली आलं तर आठवड्यातून तीन दुपारी बाई येते — उचलायला, धुवायला, पाठीला जखम झाली तर बघायला. हे मला आता कळलंय. गेल्या मार्चमधे नव्हतं कळलं. गेल्या मार्चमधे आमच्या सुनिल्दाला पंच्याऐंशी मिळाले.

पंच्याऐंशी! डावी बाजू गेलेली बाई. बटाटे काढताना वाफ्यातच बसली होती ती, त्याच्या आदल्या वर्षी, आणि उठलीच नाही, हात लुळा, पाय लुळा, तोंड वाकडं — तिला पंच्याऐंशी. तुम्ही म्हणाल, कसे? मी सांगतो कसे. दवाखान्यातून निरोप आला की मंगळवारी एक साहेब घरी येणार, सुनिल्दाची पाहणी करायला. घरी येणार! आमच्याकडे कुणी घरी यायचं म्हणजे काय करतात ते तुम्हाला सांगायला नको, तुमची आई इकडचीच, कोंचीची ना? तोंडावरून वाटलंच. मग तुम्हाला माहीत आहे. मी सोमवारी कोंबडी मारली. फरशी पाल्यानं घासली. मंगळवारी पहाटे पाणी तापवून तिला न्हाऊ घातलं, केस विंचरले, दोन वेण्या घातल्या, आमच्या लेकीच्या लग्नातला निळा झगा चढवला — दीड तास लागला, बाई, नुसत्या डाव्या बाहीला अर्धा — आणि खिडकीपाशी खुर्चीत बसवली. मागं दोन उश्या. मांडीवर लोकर आणि सुया, म्हणजे हात रिकामे दिसायला नकोत. ती पण खूश. म्हणाली, "एरिबेर्तो, मी कशी दिसते?" तेव्हा बोलणं बरं होतं तिचं. मी म्हटलं, "मेंढी धरायला सांगशील अशी." हसली. तोंड वाकडं व्हायचं हसताना, पण हसली.

आणि आला तो. पोरगाच होता, बास्तियान नाव, हनुवटीवर चार केस. गोड पोरगा, वाईट नाही बोलणार मी. भरतीची बोट पकडायची म्हणून घाईत. सूप प्याला, दोन वाट्या, मग कागद काढला. "आजी, स्वतःच्या हातानं जेवता का?" आता मला सांगा, पाहुणा समोर बसलाय, तुमचं सूप प्यालाय, त्याला कुणी सांगेल का की मला हा भरवतो आणि अर्धं गळ्यावर सांडतं? ती म्हणाली, "जेवते की." दहा. "आंघोळ?" "करते." "कपडे?" तो झग्याकडे बघूनच लिहून मोकळा. मग त्यानं ते — ते दोन विचारले. लघवी समजते का, पुढचं समजते का. माझ्या बायकोला. माझ्यादेखत. सूप पिऊन. मी उठलो आणि म्हटलं, "साहेब, या घरात त्या गोष्टीची कधी अडचण आली नाही." असं म्हटलं मी! छाती काढून. दहा आणि दहा. मग तो म्हणाला, पायऱ्या चढता का? घराला पायरी एकच, ती पण दगड. सुनिल्दा म्हणते, "पायऱ्या कसल्या विचारतोस बाळा, मी होडीच्या शिडीनं पोती चढवलीत." चढवली होतीच. खोटं नव्हतं ते. चाळीस वर्षांपूर्वीचं होतं एवढंच. त्यानं लिहिलं. चालणं तेवढं बघतो म्हणाला, तर मी म्हटलं, आत्ताच चालून दमलीय. जाताना तिचा हात हातात घेऊन म्हणाला, "आजी, तुम्ही तर माझ्यापेक्षा ठणठणीत." आम्ही दोघं दारापर्यंत — म्हणजे मी दारापर्यंत, ती खिडकीतून — हात हलवत होतो. किती खूश होतो, बाई! पेपरात पहिले आल्यासारखे. महिन्यानं कळलं काय मिळवलंय ते. काही नाही. मदत नाही, लंगोट नाहीत, ती कठड्याची खाट नाही, काही नाही. पंच्याऐंशी गुणांच्या माणसाला काय द्यायचं?

हसू नका. हसा, हसा, मी पण हसलो असतो.

आता हे सगळं का सांगतोय — तर या वेळी तसं नाही. या वेळी मी खरं सांगणार आहे. इर्मा, आमची मुलगी, पुंता अरेनासला असते, तिनं फोनवर सांगितलंय. चांगली आहे पोर, ओरडत नाही, मोजकं बोलते, ते जास्त लागतं. म्हणाली, "बाबा, या वेळेस मदत मिळाली तर आई तिथं. नाही मिळाली तर मी महिनाअखेर येते आणि तिला पोर्तो मोन्तला नेते, चर्चच्या जोगिणींच्या वृद्धाश्रमात. खाट धरून ठेवलीय." मी विचारलं, माझी? तर तिथं बायकाच घेतात. बायकांचा आहे तो. मला म्हणाली, "तुम्ही भेटायला या ना." इथून बोट, मग बस, मग मोठी बोट, मग परत बस. भेटायला! बावन्न वर्षं मी त्या बाईच्या उजव्या कुशीला झोपलोय, भेटायला जाऊ? नाही, इर्माचं चुकत नाही. तिनं मला पाहिलंय ना जूनमधे, ऐन हिवाळ्यात, सान हुआनच्या सणाला. म्हणून सांगतो, पस्तीस. चौतीस लिहा, तीस लिहा, पण पस्तीसच्या वर नको. महिनाअखेरीला अकरा दिवस राहिलेत.

आंघोळ? शून्य. मी घालतो. ओला फडका, एकेक बाजू, चूल पेटती ठेवून. विंचरणं — शून्य. तुम्ही बघताय ना केस. तुम्ही आल्यापासून तिच्या केसांकडे बघताय, मला कळतंय. आणि वास. तो पण आला असेल. दार उघडून बसू का? नाही — तसाच असू दे, बाई. तो तुमच्यासाठीच आहे. असं कसं म्हणतो मी — ऐका. इथं वरच्या अंगाला क्लोदोमीरा राहते, तिच्या नवऱ्याला दोन वर्षं झाली मदत मिळते. मी तिच्याकडे गेलो, म्हटलं, तुम्ही काय केलंत? ती म्हणाली, "एरिबेर्तो, तुम्ही लोक भारी शहाणे. पाहणीला येणाऱ्याला कोंबडी घालता? त्याला मूत घाला. दोन दिवस काही आवरू नका. बदलू नका. विंचरू नका. त्याचं नाकच लिहील कागद." अशी बोलते ती, तोंड फाटकं, पण मन सोन्याचं. मी म्हटलं, मला नाही जमायचं. घरी आलो. मग अकरा दिवस आठवले.

आज सकाळी मी तिला बदललं नाही. कालच्याच कपड्यात आहे ती. रात्रीपासून. एवढंच. दोन दिवस नाही जमले मला, एकच सकाळ. आता तिचं बोलणं कमीच झालंय, दोनतीन शब्द — पण उजवा हात पुढं केला. फणीसाठी. रोज सकाळी फणी मी तिच्या हातात देतो, पुढचे केस तीच विंचरते, मागचे मी. तर हात पुढं केला. आणि मी फणी उचलली आणि फळीवर ठेवली, वर, तिथं, पिठाच्या डब्यामागं. तिनं बघितलं ठेवताना. बाई, पन्नास वर्षांत मी तिच्यावर हात उगारला नाही, दारू पिऊन आलो तरी होडीत झोपायचो, घरात नाही — आणि आज मी फणी फळीवर ठेवली. तिनं विचारलं, "कोण?" म्हणजे कोण येणार. तिला कळलं कुणीतरी येणार. मी म्हटलं, कुणी नाही. मग तिनं हात मांडीवर ठेवला. तसाच ठेवलाय अजून, बघा. तसाच.

पेन का थांबलं? पुढचे केस ती विंचरते म्हणालो म्हणून? ते — ते कधीमधी. हात दुखतो तिचा. पाच द्यायचे तर पाच द्या, पण मग दुसरीकडे कुठं —

कपडे. कपडे शून्य. पूर्ण शून्य. माझ्या शर्टाकडे काय बघताय? स्वच्छ आहे. हो, वरपर्यंत बटणं आहेत. नाही, माझ्या हाताचं काय, काही नाही, थंडीनं. मघाशी कप सांडला तो जड होता. बरं, थरथरतो. गेल्या हिवाळ्यापासून. बोटं ऐकत नाहीत, जाळ्याची गाठ मारायला बसलो तर दोरी हसते मला. पण मी उचलू शकतो, उचलणं खांद्यानं होतं, बोटानं नाही. बटणं? — बटणं ती लावते. माझी. सकाळी खुर्चीसमोर गुडघ्यावर बसतो मी आणि ती उजव्या हातानं लावते, खालून वर, एकेक. एका हातानं! तुम्ही लावून बघा एका हातानं दुसऱ्याची. जीभ दाताखाली धरते. शेवटचं गळ्याचं लावलं की हनुवटीवर टिचकी मारते, म्हणजे झालं, ऊठ. आज पण लावली. ओल्या कपड्यात बसून लावली. फणी ठेवल्यानंतर. याचा रकाना आहे का तुमच्या कागदावर? दुसऱ्याची बटणं लावता येतात का — याला किती? नाही ना? मग नका लिहू. मी सांगितलंच नाही समजा. कपडे शून्य.

ती दोन — शून्य, शून्य. यात मी कमी-जास्त सांगत नाही, नाकाला विचारा. संडास शून्य. आता आठवा. खुर्चीतून उठून बिछान्यावर. हा माझा रकाना आहे बाई, हा मला तोंडपाठ आहे. शून्य. सान हुआनच्या आधी ती बाकाला धरून उभी तरी राहायची. आता नाही. जूनपासून एकदाही नाही, पाच महिने. मी तिच्या काखेतून हात घालतो, तिचं डोकं माझ्या खांद्यावर, एक दोन तीन म्हणतो आणि फिरवतो — सणाला नाचात फिरवायचो तसंच, फक्त आता एकजण नाचतो. आणि या महिन्यात दोनदा मला — एकदा. एकदा जमलं नाही.

जूनमधलं विचारताय? इर्मानं काय सांगितलं तुम्हाला? फोनवर सांगितलं असेल. सांगतो, पण हे कागदावर नको. सरपण संपलं होतं आणि ओहोटी मोठी होती, मी म्हटलं, चटकन तिसऱ्या पण घेऊन येतो, सणाचा दिवस. एकटी ठेवायची तर ती खुर्चीतून घसरते. म्हणून मी तिला बांधायचो. दोरीनं नाही! तिनंच विणलेला लोकरीचा पट्टा, रुंद, मऊ, कमरेला आणि खुर्चीच्या पाठीला. ती स्वतः धरून द्यायची टोक. तासाभरात येतो म्हणून गेलो. वाकलो तो वाकलोच राहिलो, कंबर धरली, खडकाला टेकून बसलो, पाणी वाढायला लागलं. घरी आलो तेव्हा खुर्ची आडवी आणि खुर्चीसकट ती. चूल विझत आलेली. पट्टा सोडला. उचलायला गेलो — नाही. परत — नाही. खांदा नाही, कंबर नाही, बोटं नाहीत, काही नाही. मग मी पण झोपलो. तिच्या शेजारी, फरशीवर, उजव्या कुशीला. काय करणार? ती म्हणाली — तेव्हा चारसहा शब्द यायचे — "घर केवढं उंच आहे, नाही?" खालून बघितलं तर खरंच उंच दिसतं. आम्ही हसलो, बाई. मग थंडी वाजायला लागली. ओढत आणलेलं लाकूड माझ्या पायापाशीच होतं, चुलीचं लोखंडी दार हाताला लागत होतं, एक ओंडका सारला असता तर पेटली असती. सारला नाही मी. मी म्हटलं, राहू दे. विझली तर विझू दे, दोघं आहोत, एकत्र आहोत, कुणाला उठायला नको, कुणाला उचलायला नको. तिला म्हटलं पण, "राहू दे ना, सुनिल्दा?" डोळे मिटले तिनं. इर्मा आणि जावई सणाला म्हणून बोटीनं आले म्हणून, नाहीतर —

हे लिहू नका. लिहिताय? बाई, हे लिहू नका, यासाठी रकाना नाही. मी तसा माणूस नाही. हे एकदाच, सणाच्या दिवशी, थंडीमुळे. हे लिहिलंत तर ते म्हणतील, म्हाताऱ्याच्या हाती बाई सुरक्षित नाही, मग पस्तीस आले काय नि पाच आले काय, नेतील. माझं माप घ्यायला नाही आलात तुम्ही, तिचं घ्यायला आलात! माझा हात बघू नका. मी उठून दाखवतो, हे बघा, उठलो — जरा टेबल धरलं, टेबल कोण धरत नाही? तिचं लिहा. आठवा शून्य, नववा शून्य, दहावा शून्य. बेरीज तुम्हीच करा, मला बेरीज नाही येत, पण शून्यांची बेरीज येते. तिला उठता येत नाही. पाय जमिनीला लावते तेवढंच. मेलेलं लाकूड झालंय तिचं, बाई, देवाशपथ, माझ्या बायकोचं लाकूड झालंय, काही राहिलं नाही तिच्यात, काहीसुद्धा — असं लिहा तुम्ही, मी अंगठा देतो खाली.

काय? तिकडे काय बघताय?

—जागी आहेस?

कधीची जागी आहे ही? बाई, तुम्हाला दिसत होतं? माझी पाठ होती तिकडे, तुम्ही समोर होतात, तुम्हाला दिसत होतं तर — सुनिल्दा, अगं, या दवाखान्यातल्या बाई आहेत. मी यांना काहीबाही सांगत होतो. कागदासाठी. तसं बोलावं लागतं, क्लोदोमीरा म्हणाली ना — थांब, मी फणी देतो. ही घे. घे ना. का घेत नाहीस? खुर्चीचा हात कशाला धरतेस, पडशील — बाई, तुम्ही बसा, परक्यानं हात लावलेला तिला आवडत नाही — पडशील गं, थांब, मी येतो, एक, दोन —

नको म्हणते. हात झटकला माझा.

उभी आहे.

बाई, ही उभी आहे.

बाकाला धरलंय. डावा ओढतेय, फरशीवर कसा वाजतोय बघा — सुनिल्दा, मी तसं नव्हतो म्हणत, लाकूड म्हणालो ते कागदासाठी — इकडे बघ तरी. बघत नाही. चार झाली. भिंत धरली. पाच. झगा ओला आहे तिचा, मागून, बाई, तुम्ही नका बघू, खाली बघा, माझ्या बायकोकडे तसं नका बघू — सहा — आतल्या खोलीचा उंबरा आहे गं तिथं, उंबरा — ओलांडला. ओलांडला, बाई, तुम्ही पाहिलंत? सात पावलं, मी मोजली, पाच महिन्यांत एक नाही आणि आज सात, कुणाच्या मदतीशिवाय, सात—

दार लावून घेतलं तिनं.